चपट्या पाठीची वाणी : तिची ओळख आणि तिचें कुल

रोहिणी सरून मृगाच्या पहिल्या सरी कोसळल्या, कीं ताडकळसच्या काळ्या रानाचें रूप एका रात्रींत पालटतें. परभणी जिल्ह्याच्या पूर्णा तालुक्यांतील हें गांव. गोदावरीच्या खोऱ्यांतील येथील जमीन उन्हाळ्यांत भेगाळते, आणि पावसानें त्या भेगा मिटूं लागल्या म्हणजे त्यांत दडून बसलेले जीव वर येतात. धुऱ्यावरील गवतांत, उकिरड्याच्या कडेला, गोठ्याच्या ओल्या भिंतीपाशीं पुष्कळ पायांचे किडे संथपणें चालतांना दिसूं लागतात. अंगणांत खेळणारें मूल ‘गोम, गोम’ म्हणून ओरडतें आणि घरांतील वडील माणूस वाहाणेनें त्या किड्यास चिरडून टाकतें. शेतकरी तोच किडा धुऱ्यावर पाहतो, ‘वाणी निघाली, आतां सोयाबीनचे कोंब राहत नाहींत,’ असें मनाशीं म्हणतो आणि औषधाच्या दुकानाची वाट धरतो.

या दोघांचीही चूक होण्याचा संभव फार असतो. चिरडला गेलेला प्राणी पुष्कळदां गोम नसतो, आणि कोंब खाणारी प्रसिद्ध वाणीही नसतो. तो तिसराच कोणी असतो. त्याचें मराठींत स्वतंत्र नांव रूढ नाहीं, म्हणून त्यास ‘चपट्या पाठीची वाणी’ म्हणणें सोयीचें होईल. नांव चुकलें कीं उपाय चुकतो. निरुपद्रवी जीव मरतो, पदरचा पैसा जातो, आणि ज्याच्यासाठीं औषध आणलें तो शत्रु मातींत सुरक्षित राहतो. प्राण्यांचें वर्गीकरण हा केवळ पंडितांच्या कपाटांतील विषय आहे असें ज्यांस वाटतें, त्यांनीं या लहानशा जीवाची हकीकत अवश्य ध्यानांत घ्यावी.

पहिली निवड सोपी आहे. गोम आणि वाणी या दोघींनाही पुष्कळ पाय असतात, म्हणून दोघींची गणना बहुपाद प्राण्यांत होते. परंतु त्यांचे वर्ग भिन्न आहेत. गोमेच्या शरीराच्या प्रत्येक वलयास पायांची एकच जोडी असते. तिच्या डोक्याखालीं विषारी नख्यांची एक जोडी असते. ती चपळ धांवते, भक्ष्य पकडते आणि प्रसंगीं माणसासही चावते. वाणीच्या बहुतेक वलयांना पायांच्या दोन-दोन जोड्या असतात. मानेच्या पहिल्या वलयास पाय नसतात व त्यापुढील तीन वलयांना एकेकच जोडी असते. वाणीला विषारी नख्या नाहींत. ती मंद चालते, कोणास चावत नाहीं, आणि डिवचली असतां शरीराचें वेटोळें करून पडून राहते. या वर्गास शास्त्रांत ‘डिप्लोपोडा’, म्हणजे ‘दुहेरी पायांचे’, असें नांव आहे. त्यांस सहस्रपाद असेंही म्हणतात. पण तें नांव गौरवाचें समजावें. खरोखर हजाराहून अधिक पाय असलेली जाति प्रथम २०२१ सालीं ऑस्ट्रेलियांतून वर्णिली गेली, आणि तिच्या एका मादीस १,३०६ पाय मोजले गेले. आपल्या चपट्या पाठीच्या वाणीचे पाय मात्र साठ-बासष्टावर जात नाहींत.

दुसरी निवड वाणीच्या वर्गांतील आहे. शेतकऱ्यांना जी ठाऊक असते ती गोल वाणी. तिचें शरीर पाटीवरच्या पेन्सिलीसारखें नळकांडी व गुळगुळीत असतें. स्पर्श होतांच ती चकलीसारखी गुंडाळते. त्या आकारावरून कित्येक गांवीं तिला ‘पैसा’ म्हणतात, तर कोठें कोठें ‘तेलंगी अळी’ असेंही म्हणतात. परभणी येथें १९७२ सालीं स्थापन झालेल्या कृषि विद्यापीठाच्या सल्ल्यांत खरीपाच्या आरंभीं जिचा उल्लेख येतो, ती हीच. पेरलेलें बियाणें व नुकतेच वर आलेले कोंब ती कुरतडते, आणि पावसानें ओढ दिली असतां तिचा उपद्रव विशेष जाणवतो.

चपट्या पाठीची वाणी हिच्याहून निराळी दिसते. तिची लांबी बहुधा इंचाच्या आंतबाहेर असते. घराच्या छपरास दोन्ही बाजूंनीं जशीं पाखीं उतरतात, तशीं तिच्या प्रत्येक वलयास डाव्या-उजव्या बाजूंस लहान पाखीं फुटलेलीं असतात; त्यामुळें वरून पाहतां पाठ सपाट व करवती कांठाची दिसते. तिला डोळे मुळींच नसतात. या संपूर्ण गणांत एकाही जातीस डोळा नाहीं. डोक्यावरील दोन स्पर्शशृंगांनीं चांचपडत ती आपली वाट शोधते. या गणास ‘पॉलिडेस्मिडा’ असें म्हणतात. सहस्रपादांच्या सर्व गणांत हा सर्वांत मोठा असून यांत साडेतीन हजारांच्या आसपास जाति नोंदल्या गेल्या आहेत.

या गणाची खरी खूण पाठीपेक्षां वलयांच्या संख्येंत आहे. गोल वाणीचीं वलयें जातीप्रमाणें, वयाप्रमाणें आणि कधीं कधीं एकाच जातींतील दोन व्यक्तींतही कमी-अधिक असतात. पॉलिडेस्मिडा गणांत वाढ पुरी झालेल्या प्राण्याचीं वलयें, मानेचें पहिलें वलय व शेंपटाचें टोक धरून, बहुधा नेमकीं २० असतात. कांहीं जातींत १९. वीस वलयांच्या मादीस पायांच्या ३१ जोड्या असतात आणि नरास चालण्याच्या ३० जोड्या. नराची ती उणी पडलेली एक जोडी कोठें जाते, या प्रश्नांतच पुढील सर्व वर्गीकरणाची किल्ली आहे. परंतु त्यापूर्वीं या प्राण्याच्या वासाविषयीं सांगणें अवश्य आहे, कारण तोही ओळखीचा साक्षीदार आहे.

डिवचलेल्या चपट्या वाणीच्या अंगास कडू बदामासारखा वास येतो. तिच्या ठराविक वलयांच्या पाख्यांवर बारीक छिद्रें असतात. त्यांचा क्रम या गणांत बहुतेक ठिकाणीं ५, ७, ९, १०, १२, १३ आणि १५ ते १९ असा आढळतो. त्या छिद्रांतून बदामी वासाचें एक द्रव्य आणि त्याबरोबर हायड्रोजन सायनाइड हें विष अत्यल्प प्रमाणांत बाहेर पडतें. हें विष त्या प्राण्याच्या शरीरांत तयार स्थितींत सांठविलेलें असेल, तर तोच प्रथम कां मरत नाहीं? याचें उत्तर १९६३ सालीं अमेरिकेंतील टॉमस आयस्नर व त्यांच्या सहकाऱ्यांनीं या गणांतील एका जातीवर प्रयोग करून दिलें. त्या ग्रंथीस दोन कप्पे असतात. एका कप्प्यांत मूळ द्रव्य, दुसऱ्यांत त्याचें विघटन करणारा पाचकरस, आणि मध्यें झडप. संकट येतांच झडप उघडते, दोन्ही द्रव्यें एकत्र येतात, आणि विष जन्मास येतें तें शरीराबाहेर पडण्याच्या वाटेवर. गोल वाणीच्या ग्रंथींतून येणारें द्रव्य अगदीं वेगळें. तें क्विनोन जातीचें असून त्यानें बोटांवर तपकिरी डाग पडतात. बाह्य रूपावरून ज्या दोन प्राण्यांस निराळें मानलें, त्यांचें रसायनही निराळेंच निघालें, ही गोष्ट वर्गीकरणाच्या सचोटीची साक्ष देते. मनुष्यास हें सायनाइड बाधेल इतकें नसतें. तथापि मुलांनीं असा किडा हाताळल्यावर हात धुवावेत आणि तोंवर डोळे चोळूं नयेत.

आतां गणाखालीं येणाऱ्या कुलांकडे वळूं. पॉलिडेस्मिडा गणांत सुमारे तीस कुलें आहेत. त्यांपैकीं ‘पॅराडॉक्सोसोमॅटिडी’ हें अतिविस्तृत कुल भारतांत सर्वत्र आढळतें. मैदानांत, बागेंत व शेताच्या धुऱ्यावर दिसणाऱ्या चपट्या वाणींत याच कुलाच्या जाति पुष्कळ असतात. या कुलाच्या नांवाचा इतिहास मोठा उद्‌बोधक आहे. दीर्घकाळ यास ‘स्ट्राँगिलोसोमा’ या प्रजातीवरून नांव दिलेलें होतें. ग्रीक भाषेंत ‘स्ट्राँगिलोस’ म्हणजे गोल आणि ‘सोमा’ म्हणजे शरीर. चपट्या पाठीच्या गणांत ‘गोल शरीराचें’ कुल, हा विरोध कसा? तर या कुलांतील पुष्कळ जातींचीं पाखीं झिजून इतकीं लहान झालेलीं असतात, कीं त्यांचें शरीर मण्यांच्या माळेसारखें जवळजवळ गोल दिसतें. केवळ पाठीकडे पाहून निवाडा करणारा मनुष्य त्यांस गोल वाणींतच ढकलील. वीस वलयें, डोळ्यांचा अभाव आणि बदामाचा वास या तीन गोष्टी मात्र त्यांचें खरें घराणें सांगून जातात. पुढें आधीच्या नांवास मान द्यावयाचा, या शास्त्रीय नियमास अनुसरून हंगेरीचे प्राणिशास्त्रज्ञ दादाय यांनीं १८८९ सालीं योजिलेलें नांव कायम झालें. ‘पॅराडॉक्सोसोमा’ म्हणजे ‘अपेक्षेविरुद्ध शरीर असलेला’. आणि वरील हकीकत पाहतां तें नांव अन्वर्थक आहे असेंच म्हणावें लागेल.

नराच्या उण्या जोडीचें उत्तर येथें मिळतें. नराच्या सातव्या वलयावरील पुढच्या पायांची जोडी चालण्याच्या कामीं येत नाहीं. तिचें रूपांतर होऊन एक लहानसें अवजार बनलेलें असतें. त्यास जननपाद म्हणतां येईल. नराचें वीर्य दुसऱ्या पायांच्या मुळाशीं बाहेर येतें. तें तो या जननपादांत घेतो व त्यांच्या योगें मादीस देतो. हे जननपाद राईच्या दाण्याएवढेही नसतात. परंतु त्यांच्या फांद्या, पीळ, आंकडे व खोबणी प्रत्येक जातींत निराळ्या असतात. रंग उडतो, आकार वयाप्रमाणें बदलतो, पाखीं कमी-जास्त होतात. जननपादाची घडण मात्र जातीगणिक ठरलेली असते. म्हणून या कुलाचा अभ्यासक प्रथम पाठ पाहत नाहीं. तो प्राण्यास उताणा करून सूक्ष्मदर्शकाखालीं सातवें वलय पाहतो. नुसती मादी हातीं आली, तर मोठमोठ्या तज्ज्ञांसही जातीचें नांव सांगतां येत नाहीं, असे प्रसंग नेहमीं येतात.

या शास्त्रांत महाराष्ट्राचाही वाटा आहे. १८८३ सालीं मुंबईंत आठ गृहस्थांनीं एकत्र येऊन ‘बाँबे नॅचरल हिस्टरी सोसायटी’ ही संस्था स्थापिली. त्या आठांत डॉ. आत्माराम पांडुरंग आणि डॉ. सखाराम अर्जुन हे दोन हिंदी वैद्यक पंडित होते. १८८६ पासून १९०६ पर्यंत संस्थेचें मानद चिटणीसपद हर्बर्ट मसग्रेव्ह फिप्सन यांनीं सांभाळलें. हे व्यवसायानें मद्याचे व्यापारी. पण त्यांच्या पेढीच्या जागेंतच संस्थेचा संग्रह वाढला. त्या काळीं लंडनच्या ब्रिटिश म्यूझियममध्यें रेजिनल्ड पोकॉक (१८६३–१९४७) हे बहुपाद व विंचू-कोळ्यांच्या शाखेवर काम करीत होते. दक्षिण भारत व सिंहलद्वीप येथून आलेल्या बहुपादांचा त्यांचा अहवाल १८९२ सालीं या संस्थेच्या नियतकालिकांत प्रसिद्ध झाला. त्याच वर्षीं त्यांनीं एका नव्या जातीस फिप्सन यांचें नांव देऊन ‘स्ट्राँगिलोसोमा फिप्सोनाय’ असें तिचें नामकरण केलें.

पुढें व्हिएन्ना येथील काउंट कार्ल आटेम्स यांनीं या जातीचे जननपाद पाहिले. त्यांची पिळदार घडण इतरांहून भिन्न आढळल्यानें १९१४ सालीं त्यांनीं ‘स्ट्रेप्टोगोनोपस’, म्हणजे ‘पिळदार जननपादांची’, ही स्वतंत्र प्रजाति निर्माण केली, आणि फिप्सन यांची वाणी ‘स्ट्रेप्टोगोनोपस फिप्सोनाय’ या नांवानें ओळखली जाऊं लागली. सिंहलद्वीपांतील दुसऱ्या एका जातीची गोष्टही अशीच. जिनीव्हाचे हंबर्ट यांनीं १८६५ सालीं तिचें वर्णन केलें व तेथील डॉ. केलार्ट यांच्या स्मरणार्थ तिला नांव दिलें. आज ती ‘काँड्रोमॉर्फा केलार्टाय’ म्हणून महाराष्ट्रांतही ओळखली जाते. प्रजातीचें नांव बदलतें, पण जातीस दिलेलें मूळ नांव सहसा टिकतें. माहेरचें नांव ठेवून सासरचें आडनांव बदलावें, तसाच हा प्रकार आहे.

आटेम्स यांनीं १९३७ सालीं या कुलावर मोठा ग्रंथ लिहिला. त्यानंतर १९६८ सालीं हॉलंडचे येकेल यांनीं साऱ्या जगांतील प्रजाति तपासून कुलाची नव्यानें मांडणी केली. तिच्या अनुरोधानें कुलाचे तीन उपकुलांत विभाग पडतात. त्यांपैकीं एक ऑस्ट्रेलिया व त्याच्या शेजारच्या बेटांकडील, एक हिमालयापासून ब्रह्मदेशाकडे पसरलेलें, आणि तिसरें, सर्वांत मोठें, इतर सर्व प्रदेशांत पसरलेलें आहे. २०१३ सालीं न्युएन व सीरवाल्ड या दोघांनीं जगाची जी सूची तयार केली, तींत सुमारे दोनशें प्रजाति व ९७५ जाति आहेत. २०१६ सालीं गोलोवाच व वेसेनर यांनीं भारतांतील सर्व गणांच्या सहस्रपादांची यादी केली, तेव्हां ती सुमारे २७० जातींवर थांबली. भारताएवढ्या विस्तीर्ण देशास ही संख्या फारच थोडी आहे. जीव थोडे आहेत असा याचा अर्थ नव्हे. ते पाहणारे थोडे आहेत.

या कुलाचे कांहीं सभासद मोठे प्रवासी आहेत. ‘ऑक्सिडस ग्रॅसिलिस’ ही जाति १८४७ सालीं कॉख यांनीं वर्णिली, ती युरोपांतील कांचगृहांतून. तिचें मूळ घर पूर्व आशियांत. कुंड्यांतील मातीबरोबर ती देशोदेशीं पोंचली, आणि आज उष्ण व समशीतोष्ण प्रदेशांतील बागांत जिकडेतिकडे दिसते. याच गणांतील, पण निराळ्या कुलांतील, जपानची एक जाति आठ वर्षांनीं एकदां प्रौढ होऊन थव्यांनीं बाहेर पडते. रुळांवर चिरडलेल्या किड्यांमुळें चाकें घसरून आगगाड्या थांबल्याच्या नोंदी तेथें १९२० पासून आहेत. आणि तें आठ वर्षांचें चक्र खरें असल्याचें २०२१ सालीं प्रसिद्ध झालेल्या अभ्यासानें दाखविलें. ताडकळसच्या धुऱ्यावर पावसानंतर एकदम जमलेला थवा पाहून कोणी अपशकुनाची शंका घेत असेल, तर त्यानें हें लक्षांत ठेवावें, कीं एकाच वेळीं अंड्यांतून निघालेलीं पिलें एकाच वेळीं वयांत येतात व ओल मिळतांच एकत्र बाहेर पडतात. या प्राण्याच्या कातडीवर कीटकांप्रमाणें मेणाचा थर नसतो. त्यामुळें कोरड्या हवेंत तो सुकून मरतो. पावसाळा हाच त्याचा संचाराचा काळ.

त्याची वाढही मोठी शिस्तीची असते. अंड्यांतून निघालेल्या पिलास अवघीं ७ वलयें व पायांच्या तीन जोड्या असतात; म्हणजे त्या दिवशीं तें एखाद्या कीटकासारखें सहा पायांचें असतें. नंतर प्रत्येक वेळीं मातीच्या लहानशा कोठडींत स्वतःस कोंडून घेऊन तें कात टाकतें, आणि वलयांची संख्या ९, १२, १५, १७, १८, १९ व शेवटीं २० अशी वाढत जाते. विसावें वलय आलें, कीं वाढ संपली. त्यापुढें कात टाकणें नाहीं.

आतां शेतकऱ्याच्या प्रश्नाकडे परत येऊं. चपट्या वाणीचें मुख्य अन्न म्हणजे कुजलेलीं पानें, काडीकचरा व बुरशी. हा कचरा ती चावून बारीक करते. तिच्या विष्ठेवर सूक्ष्म जंतु आपलें काम त्वरेनें करतात, आणि पानांतील सत्त्व पुन्हां जमिनीस मिळतें. कुजकें अन्न अपुरें पडल्यास तींतील कांहीं जाति कोवळीं मुळें कुरतडतात, हें खरें. पण कोंब खाणें हा तिचा नित्याचा धंदा नव्हे. म्हणून धुऱ्यावर पुष्कळ पायांचा किडा दिसतांच औषध विकत आणण्यापूर्वीं एक भिंग विकत आणावें. पाठीवर पाखीं आहेत काय, वलयें विसांच्या आंत आहेत काय, वास बदामाचा आहे काय, एवढें पाहण्यास पांच मिनिटें पुरतात. तीं लक्षणें मिळालीं, तर तो जीव खताच्या खड्ड्यांतील मजूर समजावा. शरीर नळकांडी असेल, वलयें तीस-चाळीस वा अधिक असतील आणि बोटांवर तपकिरी डाग पडत असेल, तर ती गोल वाणी होय. तिच्यासाठींही विद्यापीठाच्या सल्ल्यांतील पहिला उपाय बिनखर्चाचा आहे. रात्रीं शेतांत गवताचे लहान ढीग अंथरून ठेवावेत, सकाळीं त्यांखालीं जमलेल्या वाणी गोळा करून नष्ट कराव्यात, आणि बांध स्वच्छ ठेवावेत.

शेवटीं एक गोष्ट शाळांतील मुलांसाठीं. या कुलाचें बरेंच ज्ञान ज्या नमुन्यांवर उभें आहे, ते हौशी माणसांनीं बाटलींत घालून पाठविलेले आहेत. कोणी डॉक्टर, कोणी व्यापारी, कोणी अधिकारी. त्यांच्याजवळ एक लहान बाटली, थोडें स्पिरिट व एक चिठ्ठी असे. त्या चिठ्ठीवर गांव, तारीख आणि जागा लिहिलेली असली, म्हणजे नमुना शंभर वर्षांनींही बोलतो. चिठ्ठी नसेल, तर तो मुका राहतो. मराठवाड्यांतील कोणा विद्यार्थ्यानें ‘ताडकळस, मृग नक्षत्र, सोयाबीनच्या धुऱ्यावर, कुजक्या पाचोळ्याखालीं’ असें लिहून एक नर व एक मादी जपून ठेवली, तर जाणकारास त्यावरून जातीचें नांव सांगतां येईल. मग पुढील पावसाळ्यांत त्या अंगणांतील मूल ‘गोम, गोम’ म्हणून ओरडणार नाहीं. तें त्या जीवास त्याच्या नांवानें ओळखील, आणि वडील माणसाच्या हातांतील वाहाण खालीं ठेववील.